‘काहीही करा’ म्हणण्याआधी

बाबांचे दोन्ही हात पलंगाच्या कठड्याला बांधलेले होते. पांढऱ्या बँडेजची पट्टी, मनगटाखाली कापसाची घडी, गाठ सैल. सिस्टर हळू आवाजात म्हणाल्या, “काका नळी ओढतात हो, म्हणून बांधलंय. रात्री दोनदा ओढली.” त्यांचं काहीच चुकलं नव्हतं. श्वासनलिकेत घातलेली नळी कोणालाच सहन होत नाही; गुंगी जरा उतरली की हात आपोआप तिकडे जातो. पण मला तिथे उभं राहून वेगळंच काही दिसत होतं. सहा महिन्यांपूर्वी सकाळचा पेपर वाचता वाचता बाबा म्हणाले होते, “माझ्या वेळेला असल्या नळ्या लावत बसू नका हं.” तेच ते आता पुन्हा सांगत होते. बोलता येत नव्हतं म्हणून हातांनी सांगत होते. आणि आम्ही त्यांचे हात बांधून ठेवले होते.

बाबा ८१ वर्षांचे होते. फुप्फुसांचा आजार जुना, सीओपीडी. त्या वर्षातलं ते तिसरं ॲडमिशन. व्हेंटिलेटरवर १९ दिवस होते, बाराव्या दिवशी गळ्याला छेद देऊन तिथून नळी घातली, विसाव्या दिवशी पहाटे गेले. या १९ दिवसांत भेटायची वेळ सकाळी दहा मिनिटं आणि संध्याकाळी दहा मिनिटं. म्हणजे त्यांच्या आयुष्याच्या शेवटच्या तीन आठवड्यांत आम्ही सगळे मिळून त्यांच्याजवळ जेमतेम सहा-सात तास होतो. हा हिशेब मी नंतर केला आणि तो काही केल्या डोक्यातून जात नाही.

निर्णय आमचाच होता. रात्री अडीच वाजता आयसीयूच्या बाहेर डॉक्टर आले आणि म्हणाले, “ऑक्सिजन टिकत नाहीये. व्हेंटिलेटर लावावा लागेल. काय करायचं?” माझ्या तोंडून निघालं, “काहीही करा डॉक्टर, पण वाचवा.” बाबांचं पेपर वाचतानाचं वाक्य मला त्या क्षणी आठवलं नाही असं नाही. आठवलं होतं. पण ते चहा पिताना बोललेलं वाक्य, त्याला साक्षीदार मी एकटा, आणि त्याच्या जोरावर बापाला मरू द्यायचं? ती छाती माझी नव्हती. भाऊ परदेशात, फोनवर रडत होता, “मी निघतोय, मी येईपर्यंत काहीही करून ठेवा.” त्याच्या डोळ्यांसमोर दोन वर्षांपूर्वीचे, जिना चढून जाणारे बाबा होते. संडासापर्यंत जाताना चार वेळा थांबणारे बाबा त्यानं पाहिलेच नव्हते. दूर असलेल्या माणसाला सोडवत नाही, कारण दर महिन्याला थोडं थोडं सोडण्याची संधी त्याला मिळालेली नसते. आज महाराष्ट्रातल्या कितीतरी घरांतला एक जण पुण्यामुंबईत आणि एक जण न्यू जर्सीत किंवा मेलबर्नला आहे. त्या सगळ्यांच्या वाट्याला हा फोन कधी ना कधी येणार आहे.

‘जे आहे ते स्वीकारायला शिका’ असं आपल्याला सारखं सांगितलं जातं. प्रवचनांत सांगतात, सकाळच्या मेसेजमध्ये येतं, सांत्वनाला आलेले लोकही तेच सांगतात. त्यात खोटं काही नाही. पण यातून असा समज होतो की स्वीकार ही फक्त मनाच्या ताकदीची गोष्ट आहे आणि ज्याला जमत नाही तो कच्चा. माझं म्हणणं वेगळं आहे. मरणाच्या बाबतीत तरी स्वीकार ही एकट्याच्या मनाची गोष्ट राहिलेली नाही. त्यासाठी आधी बोललेला शब्द लागतो, त्या शब्दाचा कागद लागतो, तो कागद मानणारं हॉस्पिटल लागतं आणि घरी आणलेल्या माणसाला शांतपणे जाता येईल इतकं औषधपाणी लागतं. यातलं काहीच नसताना रात्री अडीच वाजता बाकड्यावर बसलेल्या मुलाकडून स्वीकाराची अपेक्षा करणं हा त्याच्यावर अन्याय आहे, आणि आत नळी ओढणाऱ्या माणसावर तर त्याहून मोठा.

आपल्या भाषेत सोडण्याला किती जागा आहे बघा. एखाद्या गोष्टीचा हक्क सोडला की आपण तिच्यावर ‘पाणी सोडलं’ म्हणतो. माणूस बरेच दिवस अंथरुणावर असला की ‘कशात तरी जीव अडकलाय’ म्हणतो, आणि मग घरातलं शहाणं माणूस त्याच्या कानाशी जाऊन सांगतं, नातीचं लग्न आम्ही नीट करू, तुम्ही काळजी करू नका. माझी आजी अशीच गेली, माजघरात. आत्या चमच्यानं पाणी घालत होती, ओठांवर तुळशीचं पान होतं, आम्ही मुलं उंबऱ्यात बसलेलो. पण त्या काळाचे गोडवे मी गाणार नाही. आजीला पोटाचा कॅन्सर होता आणि शेवटचे दोन महिने ती ज्या आवाजात कण्हत होती, तो आवाज मला अजून ऐकू येतो. तिच्या मरणात माणसं होती, औषध नव्हतं. बाबांच्या मरणात औषधं सगळी होती, माणसं दाराबाहेर होती. दोन्ही एकत्र का मिळू नये, एवढंच मी विचारतोय.

आणखी एक शब्द. माणूस गेल्यावर आपण सगळेच म्हणतो, ‘सुटले बिचारे.’ बाबा गेल्यावर दाराशी आलेल्या प्रत्येकानं हेच म्हटलं आणि आम्हीही मान डोलावली. तोच शब्द आठ दिवस आधी उच्चारला असता तर पाप ठरलं असतं.

या प्रश्नाची आठवण निघाली की महाराष्ट्राला अरुणा शानभाग आठवतात, आणि आठवायलाच हव्यात. मुंबईच्या केईएम हॉस्पिटलमधली २५ वर्षांची परिचारिका. २७ नोव्हेंबर १९७३ ला तिथल्याच एका सफाई कामगारानं तिच्यावर अत्याचार केला, कुत्र्याच्या साखळीनं गळा आवळला आणि मेंदूचा रक्तपुरवठा तुटला. त्यानंतर १८ मे २०१५ पर्यंत, म्हणजे ४१ वर्षांहून जास्त काळ, त्या केईएममध्येच होत्या. परिचारिकांच्या पिढ्या बदलल्या. निवृत्त होणाऱ्या आपल्या हातातलं काम नव्या मुलींना देऊन गेल्या. त्यांना भरवणं, पुसणं, कुशीवर वळवणं चालू राहिलं. इतक्या वर्षांत अंगावर शय्याव्रण, म्हणजे पडून पडून होणारी जखम, होऊ दिला नाही. घरी आठ दिवस अंथरुणावरच्या माणसाची सेवा केलेल्या कोणालाही याचा अर्थ कळेल. पत्रकार पिंकी विराणी यांनी त्यांना मुक्त करावं म्हणून सर्वोच्च न्यायालयात अर्ज केला. ७ मार्च २०११ ला न्यायालयानं तो फेटाळला आणि म्हटलं की अरुणाच्या वतीनं बोलण्याचा हक्क केईएमच्या कर्मचाऱ्यांचा आहे. त्यांना तिनं जगायला हवं होतं.

मला या गोष्टीत दोन्ही बाजूंबद्दल आदर वाटतो. सोडायला सांगणाऱ्या बाईंनाही अरुणाची कळकळ होती आणि धरून ठेवणाऱ्यांनाही. पण एक फरक डोळ्यांआड होऊ नये. अरुणा स्वतः श्वास घेत होत्या. परिचारिकांनी त्यांना यंत्रानं नाही, मायेनं जगवलं. जवळ बसून धरून ठेवणं आणि काचेच्या दारामागे यंत्राला जोडून धरून ठेवणं, या दोन गोष्टी मला एक वाटत नाहीत. आणि दुसरं म्हणजे, अरुणाला स्वतःला काय हवं होतं हे कोणालाच कधी कळलं नाही. पंचविसाव्या वर्षी कोण असलं बोलून ठेवतं?

त्याच २०११ च्या निकालात न्यायालयानं दार किलकिलं केलं. प्राणघातक इंजेक्शन देणं गुन्हाच, तो आजही गुन्हाच आहे. पण उच्च न्यायालयाच्या परवानगीनं निरर्थक उपचार थांबवता येतील असं सांगितलं. मग ९ मार्च २०१८ ला पाच न्यायाधीशांच्या घटनापीठानं ते दार पूर्ण उघडलं. घटनेच्या २१ व्या कलमातला जगण्याचा अधिकार म्हणजे सन्मानानं जगण्याचा अधिकार, आणि त्यात सन्मानानं मरणंही येतं. शुद्धीत असताना कोणीही सज्ञान माणूस आपलं वैद्यकीय इच्छापत्र, ज्याला लिव्हिंग विल म्हणतात, ते करून ठेवू शकतो. पण त्यासाठी तेव्हा न्यायदंडाधिकाऱ्याची सही लागायची, पुढे दुसरं वैद्यकीय मंडळ जिल्हाधिकाऱ्यांनी नेमायचं, दंडाधिकाऱ्यानं रुग्णाला बघायला यायचं. मरणारा माणूस या सगळ्यासाठी थांबत नसतो. कागदावर हक्क आणि हातात काही नाही, अशी पाच वर्षं गेली. २४ जानेवारी २०२३ ला न्यायालयानंच ते सोपं केलं.

आता काय करायचं असतं ते सांगतो, कारण हे सांगितल्यावर लोक म्हणतात, “एवढंच?” साध्या भाषेत लिहायचं की मला बरं होण्याची आशा उरली नसेल तेव्हा कोणते उपचार नकोत. आपल्या वतीनं बोलणारी जवळची माणसं कोण, त्यांची नावं लिहायची. दोन साक्षीदारांसमोर सही करायची. नोटरी किंवा राजपत्रित अधिकाऱ्याकडून साक्षांकन घ्यायचं. एक प्रत त्या माणसांकडे, एक फॅमिली डॉक्टरकडे, एक महापालिका, नगरपालिका किंवा पंचायतीनं नेमलेल्या अधिकाऱ्याकडे. मत बदललं तर केव्हाही रद्द करता येतं. वेळ येईल तेव्हा हॉस्पिटलमध्ये उपचार करणारे डॉक्टर आणि किमान पाच वर्षांचा अनुभव असलेले आणखी दोन तज्ज्ञ मिळून मत देतात. त्यावर दुसरं मंडळ बसतं, त्यात जिल्ह्याच्या मुख्य वैद्यकीय अधिकाऱ्यानं सुचवलेला डॉक्टर असतो. दोन्ही मंडळांनी शक्यतो ४८ तासांत निर्णय द्यायचा. घरच्यांची संमती लागते, दंडाधिकाऱ्याला कळवावं लागतं, मतभेद झाला तर उच्च न्यायालय आहे. आणि इच्छापत्र नसेल तरी घरच्यांच्या संमतीनं याच वाटेनं जाता येतं. हे मला बाबांच्या वेळी माहीत नव्हतं. आयसीयूबाहेरच्या भिंतीवर डिपॉझिटचे नियम लावलेले होते, हे नव्हतं.

मुंबईतले स्त्रीरोगतज्ज्ञ डॉ. निखिल दातार यांनी ही इच्छापत्रं सांभाळणारे अधिकारी नेमले जावेत म्हणून उच्च न्यायालयात धाव घेतली, तेव्हा कुठे आपल्याकडे नेमणुका हलल्या. गोव्यात २०२४ मध्ये न्यायमूर्ती महेश सोनक यांनी स्वतःचं इच्छापत्र नोंदवलं, ते त्या राज्यातलं पहिलं. कर्नाटक सरकारनं जानेवारी २०२५ मध्ये याच हक्कासाठी आदेश काढला. म्हणजे वाट आहे. पण आपल्या नगरपालिकेत जाऊन ‘वैद्यकीय इच्छापत्र कोणाकडे द्यायचं’ असं विचारून बघा. मी विचारलं, तेव्हा मला आधी जन्म-मृत्यू नोंदणीच्या खिडकीवर पाठवलं, मग आरोग्य विभागात, मग पुन्हा तिथेच. ज्या गोष्टीसाठी सर्वोच्च न्यायालयाला दोनदा बसावं लागलं, ती कुठल्या टेबलावर आहे हे तिथल्या माणसालाच कोणी सांगितलं नव्हतं.

डॉक्टरांचीही बाजू आहे. चार ओळखीचे डॉक्टर खासगीत हेच सांगतात: आम्हालाही कळतं की आता काही होणार नाही. पण थांबू या म्हटलं आणि उद्या गावाहून आलेल्या पुतण्यानं काचा फोडल्या तर? हॉस्पिटलवरच्या हल्ल्यांविरुद्ध २०१० मध्ये महाराष्ट्राला वेगळा कायदा करावा लागला, यातच सगळं आलं. घरचे डॉक्टरांना घाबरतात, डॉक्टर घरच्यांना घाबरतात, आणि या भीतीत मधल्या माणसाच्या छातीवर दाब देणं चालू राहतं. पैशाचा भागही आहेच, तो लपवण्यात अर्थ नाही. आयसीयूतल्या प्रत्येक दिवसाचं बिल होतं. पण मी जे पाहिलं त्यात लोभापेक्षा भीती जास्त होती.

या सगळ्याला आपण एक पळवाट काढली आहे, तिचं नाव ‘डामा’. डॉक्टरांच्या सल्ल्याविरुद्ध घरी नेत आहोत, अशी सही करून मिळणारा डिस्चार्ज. हॉस्पिटलच्या कॅन्टीनमध्ये बसलं तर दिवसातून चार वेळा हा शब्द कानावर पडतो. डॉक्टर बाजूला घेऊन हळूच म्हणतात, “घरी न्या आता,” आणि फॉर्मवर लिहिलेलं असतं, सल्ल्याविरुद्ध. मुलगा सही करतो. ॲम्ब्युलन्समध्ये कोणीतरी श्वास देणारी ॲम्बू बॅग हातानं दाबत गावापर्यंत जातं, अंगणात पोचल्यावर ती थांबते. वाटेत ना दुखणं कमी करणारं औषध, ना घरी कोणी बघायला. आणि त्या मुलाच्या मनावर कायमचा शिक्का, की मी बापाला सल्ल्याविरुद्ध आणलं. माझ्या मते महाराष्ट्रात शेवटच्या आजारपणाचं जे काही धोरण आहे ते याच फॉर्मवर चाललंय, आणि हे थांबायला हवं. ‘पुढे उपचारानं उपयोग नाही, त्रास कमी करण्यासाठी घरी पाठवत आहोत’ असं डॉक्टरांनी स्वतःच्या सहीनं लिहून द्यायला हवं. ओळ एकच आहे, पण तिनं त्या मुलाची उरलेली चाळीस वर्षं बदलतील.

इथे एक आक्षेप येतो आणि तो मी मनापासून मानतो. आपल्या देशात माणसं मरण स्वीकारतात ती बहुतेकदा पैसे संपतात म्हणून. शेत गहाण पडलं, सोनं विकलं, आता बस. याला स्वीकार म्हणणं हा त्या घराचा अपमान आहे. बरा होऊ शकणारा माणूस परवडत नाही म्हणून घरी आणावा लागला, तर ती व्यवस्थेची हार आहे आणि तिच्यावर अध्यात्माचं पांघरूण घालू नये. दुसरी भीती म्हाताऱ्या माणसांची, विशेषतः विधवा आणि अपंगांची: उद्या घरचेच म्हणतील, काढा नळी. म्हणूनच दोन मंडळं, साक्षीदार, न्यायालय हे हवंच. त्यात थोडा वेळ गेला तरी चालेल. पण याच भीतीपोटी इच्छापत्र अधिक गरजेचं आहे, असं मला वाटतं. आईनं स्वतः लिहून ठेवलं असेल तर तिच्याबद्दल इतरांनी ठरवायला जागाच कमी उरते. त्यात ‘मला सगळे उपचार हवेत, शेवटपर्यंत हवेत’ असं लिहायलाही कोणी अडवलेलं नाही.

आणि नळी नको म्हटल्यावर मग काय, याचं उत्तर द्यायला हवं. नुसतं थांबवणं पुरत नाही. आजीचं कण्हणं ज्यानं थांबलं असतं ते मॉर्फिन महागडं औषध नाही. पण अमली पदार्थांच्या १९८५ च्या कायद्यानं ते इतक्या परवान्यांत अडकवलं की रुग्णालयांनी ठेवणंच सोडून दिलं. २०१४ मध्ये कायदा दुरुस्त झाला, तरी तालुक्याच्या गावी कॅन्सरच्या रुग्णाला ते सहज मिळतं असं कोणी छातीठोकपणे सांगावं. मुंबईत वांद्र्याला शांती आवेदना सदन १९८६ पासून आहे, शेवटच्या टप्प्यातल्या कॅन्सरच्या रुग्णांना सांभाळणारं, देशातलं अशा प्रकारचं पहिलं. पुण्याला वारज्यात सिप्ला या औषध कंपनीचं केंद्र १९९७ पासून कॅन्सरच्या रुग्णांना विनामूल्य सांभाळतं, घरच्यांनाही शिकवतं. केरळनं २००८ मध्ये अशा सेवेसाठी राज्याचं धोरण केलं आणि तिथे पंचायतीमार्फत परिचारिका घरी येते, जखम धुते, औषध देते, बसून बोलते. आपल्याकडे आशाताई प्रत्येक गावात आहेत. बाळंतपणासाठी त्या दारापर्यंत येतात. जाणाऱ्या माणसासाठी दारापर्यंत येणारं कोणी का नसावं?

विनोबा नोव्हेंबर १९८२ मध्ये पवनारच्या आश्रमात गेले. हृदयविकाराचा झटका आल्यावर त्यांनी अन्न, पाणी आणि औषध नाकारलं. त्यांच्या आधी १९६६ मध्ये सावरकरांनी मुंबईत प्रायोपवेशन केलं होतं, म्हणजे अन्नपाणी सोडून मरण पत्करलं होतं. आयुष्यभर दोन टोकांना असलेली ही माणसं शेवटी एका जागी आली याचं मला नेहमी नवल वाटतं. त्यांनी केलं ते आपण करावं असं मी मुळीच म्हणत नाही. मला त्यातलं वेगळंच महत्त्वाचं वाटतं: दोघांचंही आजूबाजूच्यांनी ऐकलं. आवडलं नाही तरी ऐकलं. कोणी त्यांचे हात बांधले नाहीत.

बाबांना जाऊन दीड वर्ष झालं तेव्हा आईनं स्वतःच विषय काढला. ती ७७ वर्षांची आहे, गुडघे सोडले तर ठणठणीत. म्हणाली, “ह्यांच्या वेळचा तो गोंधळ माझ्या वेळेला नको. काय तो कागद करायचा असतो तो आण.” आम्ही जेवणाच्या टेबलावर बसलो. भाऊ व्हिडिओ कॉलवर, त्याच्याकडे सकाळ होती. मी एकेक ओळ वाचत गेलो. व्हेंटिलेटर? नको. छातीवर दाब देऊन परत आणणं? नको. डायलिसिस? तिनं विचारलं, त्यानं बरं वाटणार असेल तर? मी म्हटलं, बरं होणार असेल तर हे काहीच लागू नाही, तेव्हा सगळं करायचं. “मग ठीक. नाहीतर नको.” नाकातून नळीनं अन्न? यावर ती बराच वेळ गप्प राहिली. पदराचं टोक बोटाला गुंडाळत राहिली. मग म्हणाली, “नळी नको. पण चमच्यानं पाणी घालत राहा. ते थांबवू नका. आणि मला घरी ठेवा, तिकडच्या खोलीत, खिडकीपाशी.”

कागदात खिडकीसाठी रकाना नव्हता. मी खाली हातानं लिहिलं. शेजारच्या काकू आणि त्यांचा मुलगा साक्षीदार म्हणून सह्या करून गेले, दुसऱ्या दिवशी नोटरीकडे गेलो, आई रिक्षातून आली. आता एक प्रत कपाटात रेशनकार्ड आणि बाबांच्या पेन्शनच्या कागदांच्या फाइलमध्ये आहे.

त्या दिवशी सगळं वाचून झाल्यावर आईनं फोन स्वतःच्या हातात घेतला, चेहऱ्याच्या अगदी जवळ धरला आणि भावाला विचारलं, “ऐकलंस ना नीट?”

तो थोडा वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, “ऐकलं, आई.”